संकोचातून जन्मलेले उपकरण

वैद्यकाचा इतिहास हा मुख्यतः शोधांचा आणि उपकरणांचा इतिहास असून सामाजिक धारणा त्यात नंतर मिसळतात, असे एक मत मांडले जाते. हा क्रम मला तितकासा पटत नाही, कारण काही उपकरणे मुळात धारणांमुळेच जन्माला आली. १८१६ मध्ये पॅरिसच्या नेकर रुग्णालयात रने लायनेक या फ्रेंच डॉक्टरांसमोर हृदयविकाराची लक्षणे असलेली एक तरुणी होती. ती स्थूल असल्यामुळे छातीवर बोटांनी ठोकून काही कळेना, आणि छातीला थेट कान लावावा तर तिचे वय व स्त्री असणे आड येत होते. त्यांनी कागदांची घट्ट गुंडाळी केली, एक टोक तिच्या छातीवर टेकवले, दुसरे स्वतःच्या कानाशी धरले, आणि नुसत्या कानाला कधी आले नव्हते इतके स्पष्ट ठोके त्यांना ऐकू आले. स्टेथोस्कोपची सुरुवात ती हीच. (संकोच इतका फलदायी ठरल्याचे उदाहरण विरळाच.)

वैद्यकावरील धारणांच्या या प्रभावाची दुसरी बाजू मात्र भीषण आहे. १८५१ मध्ये सॅम्युएल कार्टराइट या अमेरिकी डॉक्टराने गुलामांच्या पळून जाण्याला ‘ड्रेपेटोमेनिया’ असे नाव देऊन तो चक्क मनोविकार ठरवला. मालकीहक्क एकदा नैसर्गिक मानला की स्वातंत्र्याची ओढ हेच रोगलक्षण होते. समलैंगिकता अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने विकारांच्या यादीतून वगळली ती १९७३ मध्ये, संशोधन आणि आंदोलन या दोहोंच्या दबावानंतर, आणि तरीही पुढच्या वर्षी त्या निर्णयावर सभासदांचे मतदान घ्यावे लागले. मधुमेहाबाबत असे मतदान कोणी मागितल्याचे माझ्या तरी ऐकिवात नाही.