प्रतिसाद: ड्युईच्या आधी जेफर्सन

वर कोणीतरी म्हटलंय की अमेरिकेत पुस्तकांची विषयवार मांडणी १८७६ साली मेल्विल ड्युईच्या दशांश पद्धतीपासून सुरू झाली. हे मला पटत नाही. ऑगस्ट १८१४ मध्ये ब्रिटिशांनी वॉशिंग्टनचं कॅपिटॉल (संसदभवन) जाळलं, त्यात काँग्रेसचं, म्हणजे अमेरिकी संसदेचं ग्रंथालय गेलं. मग माजी राष्ट्राध्यक्ष थॉमस जेफर्सनने स्वतःचा संग्रह देऊ केला आणि १८१५ मध्ये ६,४८७ पुस्तकं २३,९५० डॉलरला विकली गेली. पुस्तकांबरोबर त्याची मांडणीही आली: इंग्रज तत्त्वज्ञ फ्रान्सिस बेकनच्या धर्तीवर स्मृती (इतिहास), विवेक (तत्त्वज्ञान) आणि कल्पना (ललित कला) असे तीन भाग, त्यांखाली ४४ प्रकरणं. काँग्रेसच्या ग्रंथालयात ही पद्धत जवळजवळ एकोणिसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत टिकली!

ग्रंथपाल वॉटरस्टनने छापील सूचीत प्रत्येक प्रकरणातली पुस्तकं अकारविल्हे लावून टाकली. जेफर्सनने मात्र कुठे काळानुसार, कुठे विषयानुसार क्रम विचारपूर्वक लावला होता, त्यामुळे त्याला ते अजिबात रुचलं नाही. मला त्याचंच म्हणणं बरोबर वाटतं.

जेफर्सनची पुस्तकं ओळखायची एक खूणही सांगतो. बाइंडरच्या सोयीसाठी प्रत्येक फर्म्याच्या (छापील कागद घडी घालून होणाऱ्या पानांच्या जुडीच्या) पहिल्या पानाच्या तळाशी एकेक अक्षर छापलेलं असे. जिथे 'आय' असे, तिथे तो त्याआधी शाईने 'टी' लिही. लॅटिनमध्ये 'जे'च्या जागी 'आय' चालतो, म्हणून झालं टी. जे.! सही नाही, शिक्का नाही, पानाच्या तळाशी एवढंसं अक्षर.

१८५१ च्या नाताळच्या आदल्या दिवशी लागलेल्या आगीत त्या संग्रहाचा सुमारे दोन तृतीयांश भाग जळाला. आजही ते वाचताना जीव हळहळतो.