मदत हवी आहे : सी. एल. मूर यांच्या कथांचे श्रेय कसे ठरवावे?

नमस्कार मंडळी,

अमेरिकन विज्ञानकथालेखिका कॅथरिन ल्युसिल मूर (१९११–१९८७) यांच्यावर मी मराठीत एक दीर्घ लेख लिहीत असून एका ठिकाणी माझे काम अडले आहे. १९३३ च्या नोव्हेंबरात ‘वीअर्ड टेल्स’ या मासिकात त्यांची ‘शॅम्ब्लो’ ही कथा आली, तेव्हा त्या इंडियानापोलिसमधील एका बँकेत नोकरीला होत्या. त्या कथेतील लाल फेट्याखालून हळूहळू सुटत येणारे, जिवंत वळवळणारे केस मला आजही अस्वस्थ करतात. ‘सी. एल.’ ही आद्याक्षरे स्त्री असल्याचे लपवण्यासाठी घेतली, असे पुष्कळदा वाचायला मिळते. पण खरे कारण जोडधंद्याची वार्ता बँकेच्या कानावर जाऊ नये हे होते, आणि हा गैरसमज दूर व्हायलाच हवा असे मला मनापासून वाटते. पुढे विज्ञानकथालेखक हेन्री कटनर यांनी ‘मिस्टर मूर’ समजूनच त्यांना पत्र लिहिले आणि १९४० मध्ये दोघांचे लग्न झाले.

माझी अडचण इथूनच सुरू होते. एकाने टंकयंत्रावरून उठावे आणि दुसऱ्याने तिथूनच कथा पुढे न्यावी, अशी त्यांची पद्धत असल्यामुळे ‘लुईस पॅजेट’ या दोघांच्या सामायिक टोपणनावाच्या कथांत मूर यांचा वाटा कसा ओळखावा? शैलीच्या अंगाने याचा अभ्यास कोणी केला असल्यास, किंवा त्या काळातील मासिकांचे मूळ अंक कोणाच्या संग्रही असल्यास, कृपया कळवावे.