टॅक्सी थांबा हलवायचा ठराव आणि हायकोर्ट: तुमचं मत काय?

थांब्यावरचा:
आमच्या नगरपरिषदेनं स्टेशनसमोरचा टॅक्सी थांबा बाजारामागच्या मैदानात हलवायचा ठराव केला. टॅक्सीवाले हायकोर्टात गेलेत. गावात सगळीकडे एकच बोलणं, ‘मूठभरांच्या धंद्यापायी गाव वेठीला धरलं.’ मला हे अजिबात पटत नाही.

माथेरानचं बघा. दस्तुरी नाक्यापुढे गाडीला बंदी. तिथून पायी जायचं, घोड्यावर बसायचं, नाहीतर माणसानं ओढायच्या रिक्षात, अशी तिथली रीत होती. या रिक्षा ओढणारे परवानाधारक होते ९४. ते सुप्रीम कोर्टात गेले म्हणून २०२२ च्या अखेरीस ई-रिक्षांची चाचणी तरी झाली. पुढे २० ई-रिक्षांना परवानगी मिळाली, त्याही हातरिक्षा ओढणाऱ्यांसाठीच. तरी गाड्या भलत्यांच्या हाती गेल्याची तक्रार झाली आणि कोर्टाला रायगडच्या प्रधान जिल्हा न्यायाधीशांकडून चौकशी करवून घ्यावी लागली. शेवटी ६ ऑगस्ट २०२५ ला आदेश आला: सहा महिन्यांत हातरिक्षा बंद करा आणि ओढणाऱ्यांचं पुनर्वसन करा. ही माणसं कोर्टात गेली नसती तर कुणी विचारलं असतं त्यांना?

स्टेशन रोडवाली:
दादा, तुलना चुकतेय. माथेरानात माणूस माणसाला ओढत होता. इथे थांबा दोनशे पावलं सरकतोय. माझ्या सासूबाईंना दम लागला त्या रात्री रुग्णवाहिका आमच्या गल्लीच्या तोंडाशी वीस मिनिटं अडकली, दोन्ही बाजूंना टॅक्सी लावलेल्या. रस्ता काय फक्त थांब्याचा आहे? धंद्याचा हक्क घटनेत आहे, तशी वाजवी बंधनंही तिथेच लिहिलीत. आता स्थगिती मिळाली की किती वर्षं तसंच चालायचं?

कायद्याची पोर:
दोघंही कळकळीनं बोलताय, पण मुद्दा वेगळा आहे. मोटार वाहन कायदा १९८८, कलम ११७. थांबे ठरवायचा अधिकार राज्य सरकारला किंवा सरकारनं नेमलेल्या प्राधिकरणाला. स्थानिक संस्थेशी सल्लामसलत करायची, एवढंच त्यात आहे. म्हणजे नुसत्या ठरावावर थांबा हलवला असेल तर तो टिकणं अवघड. उलट रीतसर निर्णय झाला असेल, टॅक्सीवाल्यांचं ऐकून घेतलं असेल, तर हायकोर्ट सहसा हात घालत नाही. जागा कोणती बरी हे कोर्ट ठरवत बसत नाही. आणि हायकोर्टाच्या आधी कलेक्टर आहेत. नगरपरिषद अधिनियम १९६५, कलम ३०८ खाली ठरावाची अंमलबजावणी ते थांबवू शकतात. तिकडे कुणी गेलं होतं का?

थांब्यावरचा:
नाही गेलं. वकिलांनी सरळ हायकोर्टात रिट याचिकाच करू म्हटलं.

ताई, तुमच्या सासूबाईंचं वाचून वाईट वाटलं. गल्लीच्या तोंडाशी गाडी लावणं चूकच, त्याला दंड करा. पण दोनशे पावलं थोडी नाहीत हो. हातात दोन बॅगा घेऊन उतरलेला माणूस समोर दिसेल त्या गाडीत बसतो. ॲपवाली गाडी गेटापाशी येऊन उभी राहणार आणि आमचा नंबर मागे मैदानात उन्हात. माझे वडील बावीस वर्षं त्या नंबरात उभे राहिलेत. ठरावाआधी एकदा तरी बोलवायचं होतं त्यांना.

स्टेशन रोडवाली:
बोलवायला हवं होतं, हे मान्य. पण त्याच नंबरात गावातल्या नव्या पोराला गाडी लावू देतात का? माझ्या भाच्याला दोन वर्षं फिरवलंय. आपलं कुणी ऐकत नाही म्हणायचं, तर दुसऱ्याचंही ऐकायला नको का? थांबा हलवाच, मी मताशी ठाम आहे.

कायद्याची पोर:
दादा, आधी ठरावाची प्रमाणित प्रत काढा. सोबत प्रादेशिक परिवहन प्राधिकरणाचा काही निर्णय किंवा वाहतूक पोलिसांचं पत्र जोडलंय का ते पाहा.

थांब्यावरचा:
सोमवारी अर्ज देतो. आणि ताई, भाच्याला थांब्यावर पाठवा, वडिलांशी मी बोलतो.