मदत हवी आहे: कालदर्पणातलं एकच घड्याळ दुपारी मागे पडतंय

निशिगंध_नेरूळ: रविवारी सोसायटीतल्या मुलांना दाखवायचंय, लवकर सांगा. वेळेतली विसंगती पकडायला मी आणि भावाने कालदर्पण बनवलंय. दोन डब्यांत दोन घड्याळं, दोघांचा सेकंदाचा ठोका आर्डुइनो या छोट्या प्रोग्रॅमेबल बोर्डात, फरक मेमरी कार्डवर. डबा २ रोज दुपारी १ ते ५ मध्ये साधारण १८० मिलिसेकंद मागे पडतो. रात्री फरक वाढायचा थांबतो. आठ दिवस हेच चाललंय. वायरिंग तीनदा तपासलं. मला खरंच वाटायला लागलंय की इथे काहीतरी आहे.

येऊरचा_पाऊस: घड्याळ कोणतं? डबे कुठे ठेवलेत?

कळव्याची_मावशी: आमच्या भिंतीवरच्या घड्याळाचं असंच झालं होतं. सेल बदल गं, लगेच सुधारेल.

निशिगंध_नेरूळ: सेल नवेच आहेत मावशी. दोन्ही मॉड्यूल डीएस१३०७ या घड्याळाच्या चिपचे, एकाच दुकानातून.

रुळालगत: लोकलच्या वायरीत २५ हजार व्होल्ट असतात. डब्याला फॉइल गुंडाळा, अर्थिंग द्या. माझा रेडिओ असाच सुधारला.

येऊरचा_पाऊस: मग सकाळी गर्दीच्या वेळी जास्त फरक पडायला हवा. डबे कुठे आहेत?

उंचावरून: मजला कितवा? उंचावर काळ वेगाने जातो. १९७१ मध्ये असे फरक मोजायला हाफेल आणि कीटिंग यांनी सीझियमची अणुघड्याळं विमानातून जगाभोवती फिरवली. २०१० मध्ये तर ३३ सेंटिमीटर उंचीचा फरकही मोजला गेला. एक डबा येऊरच्या डोंगरावर नेऊन बघाच.

निशिगंध_नेरूळ: चौदावा. दोन्ही डबे घरातच.

येऊरचा_पाऊस: चौदाव्या मजल्यावर दिवसाला अर्ध्या नॅनोसेकंदाचाही फरक पडत नाही. आणि तोही पुढे जाण्याचा. डबे कुठे?

गिरगाव_ते_ठाणे: प्रमाणवेळ १९०६ साली आली, तरी मुंबईची वेळ ३९ मिनिटं मागेच चालायची. आजोबा दोन्ही वेळा सांगायचे.

निशिगंध_नेरूळ: डबा १ हॉलमध्ये, २ पश्चिमेच्या गॅलरीत तुळशीशेजारी. काळा प्लास्टिकचा आहे. त्याने काय होतं?

येऊरचा_पाऊस: त्यानेच सगळं होतं! आतला क्रिस्टल, म्हणजे ठोका देणारा क्वार्ट्झचा तुकडा, सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो, पण ते साधारण २५ अंशांना. तिथून तापमान जितकं दूर, त्याच्या वर्गाच्या हिशोबाने तो मंदावतो. २० अंश वर गेलं की तासाला जवळपास ५० मिलिसेकंद. चार तासांचे तुमचे १८० जुळतात. डबे अदलाबदल करून बघा.

उंचावरून: उष्णता असती तर रोज इतकं सारखं आलं नसतं.

येऊरचा_पाऊस: मे महिन्यातलं ऊन रोज सारखंच असतं हो.

निशिगंध_नेरूळ: काल अदलाबदल केली. आता १ मागे पडतोय, २ ठीक. दुपारी डब्याला हात लावला तर चटका बसला, आत थर्मामीटर ४६. आठ दिवस काळच वाकतोय असं वाटत होतं. खूप हिरमुसले.

येऊरचा_पाऊस: हिरमुसू नका. एक डबा पॉलिथिनमध्ये घट्ट बांधून फ्रिजमध्ये ठेवा. थंडीत घड्याळ पुढे जाईल असं मुलांना वाटेल. तसं होत नाही, तेही मागेच पडतं.

निशिगंध_नेरूळ: भाजीच्या कप्प्यात ठेवला, वायर दाराच्या रबरातून बाहेर काढली. दोन तासांत ८१ मिलिसेकंद मागे! भाऊ अजून आकडे बघत बसलाय. रविवारी हॉल, गॅलरी, फ्रिज असे तीन डबे लावते. तिसरं मॉड्यूल कुणाकडे आहे का?

येऊरचा_पाऊस: माझ्याकडे आहे. शनिवारी ठाण्याहून ट्रान्सहार्बरने येतो. सहा वाजता नेरूळ स्टेशनला या.