ऋभू : देव, माणूस की कारागीर? आणि उच्चार ‘रु’ की ‘रि’?

निळी_शाई
भावाच्या मुलाचं बारसं येत्या रविवारी आहे. आत्या मीच, म्हणजे पाळण्याशी वाकून कानात कुर्रर्र करून नाव सांगायचं कामही माझंच. बाळाचा जन्म स्वातीच्या पहिल्या चरणातला, म्हणून गुरुजींनी ‘रू’ अक्षर दिलं. रुद्र नाव हल्ली घरोघरी ऐकू येतं, म्हणून दादाने शोधून ‘ऋभू’ काढलं. दोन अक्षरी, वैदिक, ओळखीत कुणाचंच नाही. सगळे खूश होते.

वहिनी इंदूरच्या. त्यांचे वडील काल फोनवर म्हणाले, हे ‘रिभु’ आहे. ‘री’ अक्षर चित्राच्या चौथ्या चरणाचं, मग ते स्वातीच्या मुलाला कसं चालेल? शिवाय जन्मदाखल्यावर इंग्रजीत आर-यू लिहायचं की आर-आय, हा प्रश्न आहेच.

त्यात आमच्या काकांनी भर घातली. निमंत्रणावर ‘ऋभू म्हणजे देव’ असं छापायला दिलं होतं, ते त्यांनी थांबवलं. म्हणतात, ऋभू देव नव्हतेच, माणसं होती, आणि तीही सुतारकाम करणारी. खरं काय? जाणकारांनी जरा लवकर सांगा, छापखाना गुरुवारपर्यंतच थांबणार आहे.

चहाबाज
महाराष्ट्रात ‘रु’. विषय संपला. ऋतुजाला आपण रुतुजा म्हणतो, कृष्णाला क्रुष्ण म्हणतो.

तळटीप
विषय इतक्यात संपत नाही. आधी अर्थाचं बघू, कारण काकांचं म्हणणं बरोबर आहे आणि छापखान्याला दिलेलंही बरोबर आहे.

अमरकोशात, म्हणजे अमरसिंहाच्या संस्कृत शब्दकोशात, देवांच्या पर्यायांत स्पष्ट ओळ आहे : ‘आदित्या ऋभवोऽस्वप्ना अमर्त्या अमृतान्धसः’. म्हणजे अमरसिंहाच्या काळापर्यंत ऋभू हा सरसकट ‘देव’ या अर्थाचा शब्द झाला होता. ऋग्वेदात मात्र ऋभू हे तीन भाऊ : ऋभु, विभ्वन् आणि वाज. सुधन्वन् आंगिरसाचे मुलगे. त्यांच्यासाठी अकरा सूक्तं आहेत, त्यातली पाच चौथ्या मंडलात सलग येतात (३३ ते ३७). आणि १.११०.४ मध्ये स्वच्छ म्हटलंय : ‘मर्तासः सन्तो अमृतत्वमानशुः’. मर्त्य असूनही त्यांनी अमरत्व मिळवलं. ते कशाने? हातातल्या कामाने. अश्विनांसाठी रथ केला, इंद्रासाठी घोडे घडवले, कातड्यातून गाय उभी केली, म्हाताऱ्या आईवडिलांना पुन्हा तरुण केलं, आणि देवांचा कारागीर त्वष्टा याने घडवलेल्या एका चमसाचे, म्हणजे सोमरस पिण्याच्या पेल्याचे, चार चमस केले.

त्या चमसाची गोष्ट ४.३३.५ मध्ये आहे आणि मला ती फार आवडते. थोरला म्हणतो, दोन करू. मधला म्हणतो, तीन करू. धाकटा म्हणतो, चार. आणि त्वष्टा, ज्याची ती मूळ कलाकृती, तो त्यांच्या बोलण्याला दाद देतो. हजारो वर्षांपूर्वीच्या सूक्तात तीन भाऊ कामाच्या ठिकाणी बसून असे बोलताहेत! निमंत्रणावर ‘देव’ एवढंच छापलंत तर हे सगळं गळून जातं. ‘कर्तृत्वाने देवत्व मिळवणारा’ असं छापा.

अवग्रह
अर्थाइतकीच शुद्धलेखनाकडेही बघा. संस्कृत शब्द ‘ऋभु’ आहे, भु ऱ्हस्व. तुम्ही ‘ऋभू’ लिहिताय. वैदिक म्हणून नाव घ्यायचं आणि पहिल्याच दिवशी त्याचा उकार ताणायचा?

चहाबाज
@अवग्रह, साहेब, मराठीत लिहायचं तर मराठीचे नियम लावा. १९६२ च्या साहित्य महामंडळाच्या नियमांत ऱ्हस्वान्त तत्सम शब्द दीर्घान्त लिहायचे हे आलंय, आणि ते व्यक्तिनामांनाही लागू आहे. कवी, गुरू, हरी, विष्णू. समासात पूर्वपदी आला की पुन्हा ऱ्हस्व : ऋभुगीता, विष्णुपंत. तुम्ही ‘विष्णु’ लिहिता का?

अवग्रह
हो, लिहितो. माझ्या आजोबांचं नाव विष्णु होतं आणि त्यांची सही ऱ्हस्व होती. मंडळाने नियम केला म्हणून आजोबांचं नाव बदलत नाही. सामान्यनामांना नियम लावा, माणसाचं नाव ही त्या माणसाची मालमत्ता आहे.

मिलपिटासची_माई
माझ्या नातीचं नाव ऋजुता. लेकाने आर-यू लिहिलं. इथे शाळेत बाई ‘रजूटा’ म्हणतात, आर-आय लिहिलं असतं तर ‘रिजूटा’ म्हटलं असतं. परक्या मुलखात दोन्हींची वाट लागतेच, तेव्हा त्यांच्याकडे बघून ठरवू नका. घरात जसं हाक मारणार तसं लिहा. फक्त एक जपा, दाखला, आधार आणि पासपोर्ट तिन्हीकडे एकच स्पेलिंग ठेवा. आमच्याकडे त्यावरून पुष्कळ मनस्ताप झालाय.

तळटीप
उच्चाराबद्दल. ‘ऋ’ हा मुळात स्वर आहे. ‘र’ला उकार जोडून तो होत नाही आणि इकार जोडूनही होत नाही. त्याचा जुना उच्चार आज आपल्या तोंडी उरलेला नाही. महाराष्ट्र, कर्नाटक, आंध्र इथे ‘रु’ रुळला, हिंदी पट्ट्यात ‘रि’. म्हणून इंदूरच्या आजोबांना चुकीचं म्हणता येत नाही, त्यांची परंपरा तशी आहे.

गंमत म्हणजे मराठीने स्वतः घडवलेल्या शब्दांत ऋचे तीन-तीन वंशज आहेत. मृत्तिकेची माती झाली, पृष्ठाची पाठ, तिथे ‘अ’ आला. वृश्चिकाचा विंचू आणि शृंगाचं शिंग, तिथे ‘इ’. पृच्छ् चं पुसणं झालं, तिथे ‘उ’. एकाच कृष्णाचा कुठे कान्हा झाला, कुठे किसन. माझी आजी ऋणाला ‘रीण’ म्हणायची, आणि ती काही इंदूरची नव्हती, वाईची होती. तेव्हा ‘महाराष्ट्रात रु, विषय संपला’ हे पोथीतल्या शब्दांपुरतं खरं आहे, बोलीत नाही.

चहाबाज
तळटीपताई, मान्य, पण ‘ऋभू’ हा पोथीतलाच शब्द आहे ना? मग रु.

पंचांगवाले
अवकहडा चक्रात, म्हणजे नक्षत्रचरणांना अक्षरं देणाऱ्या कोष्टकात, स्वातीला रू, रे, रो, ता आणि चित्राला पे, पो, रा, री. ‘ऋ’ त्यात स्वतंत्र नाहीच, म्हणून ज्याने त्याने आपल्या उच्चाराप्रमाणे बसवायचा. आमच्याकडे महाराष्ट्रात ऋ आला की ‘रू’ धरतात. आणि चित्राचे शेवटचे दोन चरण काय किंवा स्वाती काय, रास तूळच. वहिनींच्या वडिलांना एवढं सांगितलं तर त्यांचं समाधान व्हावं. नाहीच झालं, तर पत्रिकेत जन्मनाव वेगळं ठेवून हाकेचं नाव ऋभू ठेवा, पुष्कळ घरांत तसं करतात.

दुपारची_झोप
‘ऋभव’ का नाही ठेवत? आमच्या सोसायटीत आहे एक. ऐकायलाही भरदार वाटतं.

अवग्रह
कारण ‘ऋभवः’ हे ऋभूचं अनेकवचन आहे! एका मुलाला ‘ऋभू लोक’ अशी हाक मारायची का? हे सगळं नावांच्या याद्यांमुळे होतं. कुणीतरी अमरकोशातली ओळ उचलायची, विसर्ग पुसायचा आणि नवं नाव म्हणून पुढे करायचं. मग रेयांश, कियांश, जे दिसेल त्याला ‘अंश’ चिकटवायचा आणि अर्थ विचारला की ‘सूर्यकिरण’. संस्कृत ही भाषा आहे, तिला व्याकरण आहे, हे कुणी लक्षातच घेत नाही.

चहाबाज
व्याकरणाच्या चाळणीतून गेलेलीच नावं ठेवायची तर निम्मा महाराष्ट्र बिननावाचा राहील. अश्विनीकुमार कायम जोडीने येतात, संस्कृतात ‘अश्विनौ’ हे द्विवचन. आपण एकट्या मुलाला अश्विन म्हणतो, कुणाचं बिघडलं? हर्षल तर हर्शेल या ज्योतिर्विदाच्या आडनावावरून पंचांगात ग्रह म्हणून आला आणि तिथून पाळण्यात गेला. आज कुणी म्हणेल का की हर्षल मराठी नाव नाही? आणि सचिन? शची अधिक इन, शचीन, म्हणजे इंद्र. बंगाली संगीतकार सचिनदेव बर्मन यांच्यावरून तेंडुलकरांच्या घरी नाव ठेवलं गेलं, श चा स झाला, ची ऱ्हस्व झाली, आणि पुढे किती पोरांचं नाव सचिन पडलं ते तुम्ही जाणताच. नाव वापराने नाव होतं.

अवग्रह
वापराने चूक जुनी होते, बरोबर होत नाही.

वाकस
मी इथे सहसा नुसता वाचतो. पण निळीशाईताई, तुमच्या काकांचं ‘तीही सुतारकाम करणारी’ हे वाक्य टोचलं, म्हणून लिहितोय. माझे आजोबा सुतार. बैलगाडीची चाकं करायचे. तुंबा, आरे, पाट्या सगळं हाताने, आणि वरून लोहार धाव चढवायचा. आरा एक सूतभर जरी वाकडा बसला तरी गाडी रस्त्यावर बोलते, असं ते म्हणायचे. बाबांची पटाशी आणि रंधा अजून माझ्याकडे आहे. ज्या देवांनी रथ घडवला ते सुतार होते, हे कळल्यावर मला तर ते नाव जास्तच मोठं वाटलं. त्यात कमीपणा कुठून आला?

निळी_शाई
वाकसदादा, काकांचा रोख तसा नव्हता असं मला वाटतं, पण तुमचं म्हणणं मी त्यांना जसंच्या तसं वाचून दाखवणार आहे.

तळटीप
वाकस, तुमच्या प्रश्नाचं उत्तर जुन्या ग्रंथांतच आहे आणि ते फारसं सुखाचं नाही. ऐतरेय ब्राह्मण या वैदिक ग्रंथात (३.३०) कथा आहे : ऋभूंनी तपाने सोमपानाचा हक्क मिळवला, पण देवांना त्यांच्या अंगाला माणसाचा वास येतो म्हणून किळस वाटली. ‘मनुष्यगन्धात्’ हा शब्दच तिथे आहे. म्हणजे काम सगळ्यांना हवं होतं, पंगतीला मात्र नको होते. दुसरीकडे तैत्तिरीय ब्राह्मणात रथकाराने अग्न्याधान, म्हणजे यज्ञाच्या अग्नीची स्थापना, करताना ऋभूंच्या नावाने करावं असं सांगितलंय. म्हणजे रथकाराला यज्ञात जागा होती आणि ती ऋभूंच्या नावाची होती.

ऋग्वेदात ऋभूंच्या कामाला क्रियापद आहे तक्ष्. ‘तक्षन्रथम्’, रथ तासला. आपलं ‘तासणे’ त्यातूनच आलंय. तुमचे आजोबा जे करत होते त्याचं नाव आणि ऋभूंनी केलं त्याचं नाव एकच आहे.

पंचांगवाले
वैदिक शब्दांचे अर्थ उलगडणाऱ्या यास्काची व्युत्पत्ती कुणीच दिली नाही. त्याच्या निरुक्तात (११.१५) तीन आहेत : उरु भान्ति, खूप प्रकाशतात, ऋतेन भान्ति, ऋताने (सत्याने, विश्वनियमाने) प्रकाशतात, ऋतेन भवन्ति, ऋताने असतात. शिवाय सूर्यकिरणांनाही ऋभू म्हणतात असं यास्क सांगतो. निमंत्रणावर ‘ऋताने प्रकाशणारा’ किती शोभेल!

तळटीप
शोभेल, पण यास्काची ती पद्धतच आहे, एका शब्दाच्या तीन-तीन व्युत्पत्त्या. आधुनिक अभ्यासक ‘रभ्’ धातू मानतात : धरणे, हातात घेणे. आरंभ, संरंभ त्याच घरातले. ज्याचा हात कामावर बसलाय तो ऋभू. जर्मन ‘आर्बाइट’, ग्रीक ऑर्फियस यांच्याशीही काहींनी नातं जोडलं होतं, त्यावर मी भिस्त ठेवणार नाही.

मिलपिटासची_माई
आमच्याकडे ऋभू म्हटलं की निदाघ आठवतो. विष्णुपुराणातला ऋभू हा ब्रह्मदेवाचा मुलगा, निदाघाचा गुरू. हजार वर्षांनी शिष्याला भेटायला येतो. राजाची स्वारी चाललेली असते. ऋभू विचारतो, यातला राजा कोण आणि हत्ती कोण? निदाघ सांगतो, वरचा राजा, खालचा हत्ती. ऋभू म्हणतो, वर म्हणजे काय, खाली म्हणजे काय? तेव्हा निदाघ त्याच्या खांद्यावरच चढून बसतो : आता मी वर, तू खाली! मग ऋभू विचारतो, यातला ‘मी’ कोण आणि ‘तू’ कोण? आणि निदाघ पाय धरतो. नात मोठी झाली की तिला ही सांगणार आहे. रमण महर्षींनाही ऋभुगीता प्रिय होती. तेव्हा तुमच्या भाच्याला दोन ऋभू मिळताहेत, एक हाताचा, एक ज्ञानाचा.

अवग्रह
ते दोन वेगळे आहेत. एकाच नावाखाली दोघांना कोंबू नका.

चहाबाज
कोंबत कोण आहे? नाव आहे, अर्थ दोन असू शकतात. टिळकांनी तर १८९३ च्या ‘ओरायन’मध्ये ऋभूंवरून वर्षारंभ काढला. ऋभू बारा दिवस अगोह्याच्या (सूर्याच्या) घरी झोपतात, त्यांना कुणी उठवलं असं विचारल्यावर बोकड सांगतो, श्वानाने. टिळक त्या श्वानाला आकाशातलं श्वान म्हणतात. मग हा तिसरा अर्थ झाला.

कापूसवाला
‘तासणे’वरून आठवलं. आमच्या खानदेशात नांगराच्या एका रेघेला ‘तास’ म्हणतात. ते पण तक्ष् मधलंच का? जमीन तासून निघते ना.

चहाबाज
आणि घड्याळातला तास?

अवग्रह
तो वेगळा. तो फारसी ‘तास’, म्हणजे भांडं, थाळी. देवडीवर थाळीचे टोले पडायचे, त्यावरून वेळेला तास. फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द देणाऱ्या शिवकाळातल्या राज्यव्यवहारकोशाची गरज का पडली ते अशा शब्दांवरूनच कळतं.

चहाबाज
राज्यव्यवहारकोश होऊन साडेतीनशे वर्षं झाली आणि शाळेत अजून मराठीचा ‘तास’च असतो.

निळी_शाई
सगळ्यांचे आभार. पण आर-यू की आर-आय? आणि भू ऱ्हस्व की दीर्घ? छापखान्यातून पुन्हा फोन आलाय.

वाकस
ताई, आर-यू. पण जाणकारांना माझंही एक विचारायचंय. हिंदीत सुताराच्या हत्याराला बसूला म्हणतात, तो ‘वाशी’पासून आला असं ऐकलं. आमचं लाकूड तासायचं हत्यार ‘वाकस’ पण त्यातलाच का?

तळटीप
वाशी ऋग्वेदात आहे, ८.२९.३ मध्ये एका देवाच्या हातात धातूची वाशी येते आणि तो त्वष्टाच मानतात. पण वाशीचा वाकस व्हायला मधला ‘क’ कुठून आला ते मला नीट लागत नाही.

कापूसवाला
आमच्याकडे वाकस म्हणतच नाहीत. तासणी म्हणतात.

वाकस
तासणी वेगळी, वाकस वेगळा. फोटो टाकतो.