प्रतिसाद: बोलीमुळं सिनेमा अडतो?

वर एकांनी लिहिलंय की गावची बोली ठेवली तर सिनेमा जिल्ह्याबाहेर चालत नाही. मी सोलापूरचा, मला हे अजिबात पटत नाही.

दिग्दर्शक नागराज मंजुळे आमच्याच जिल्ह्यातले, करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे. सुरुवात झाली 'पिस्तुल्या' या लघुपटानं, आणि त्यालाच राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग २०१३ला 'फँड्री', २०१६ला 'सैराट'. 'सैराट'चं बरंचसं चित्रीकरण करमाळ्याच्या आसपास आणि माणसंही बरीचशी इथलीच. 'फँड्री'तला केम गावचा सोमनाथ अवघडे त्याआधी कॅमेऱ्यासमोर कधी उभा राहिला नव्हता, त्याला सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. रिंकू राजगुरू अकलूजची. तिची 'सैराट'मधली आर्ची जशी बोलते तशा पोरी आमच्याकडं घरोघरी आहेत. तोच ठसका महाराष्ट्रभर चालला की! पुढं कन्नड, पंजाबी, बंगाली, हिंदीत त्याच गोष्टीचे रिमेक झाले.

सोलापुरात आज बरीच पोरं मोबाइलवर लघुपट करतात. विषय आपल्या पेठेतला घेतात, पण पात्रं मात्र पुण्यासारखी बोलतात. ऐकताना जीव तुटतो. इथं मराठीत तेलुगू, कन्नड, दखनी उर्दू मिसळलेली असते. विडी कामगार, यंत्रमागवाले जसे बोलतात तसेच संवाद लिहा. पहिला लघुपट पाठवाल तेव्हा मी नक्की बघेन.