वाडा, राजधानी आणि जमिनीतील गुंतवणूक : कोणती पुस्तके वाचावीत?

तिवंधा :
नमस्कार. जुन्या नाशकात आमचा दुचौकी वाडा आहे. आजोबांच्या पश्चात तो वडील, दोन काका आणि आत्या यांच्या नावावर आला, आणि आता पुढच्या पिढीतील आम्ही नऊ भावंडे त्याचे काय करायचे यावर बोलू लागलो आहोत. एका विकसकाने वाडा उतरवून तेथे इमारत बांधण्याचा आणि प्रत्येक शाखेला एकेक सदनिका देण्याचा प्रस्ताव ठेवला आहे. धाकट्या चुलतभावाचे म्हणणे असे की, वाडा सरळ विकावा आणि शहराबाहेर प्लॉट घेऊन ठेवावेत, कारण कुंभमेळ्याच्या निमित्ताने होणाऱ्या रस्त्यांमुळे तिकडचे भाव वाढतील. माझी मुलगी आर्किटेक्चरच्या दुसऱ्या वर्षाला आहे आणि तिला नियोजित राजधान्यांवर एक निबंध लिहायचा आहे. त्यामुळे घर, नगर आणि गुंतवणूक हे तिन्ही विषय रोज रात्री आमच्या जेवणाच्या पानावर असतात, पण कोणालाच पुरेसे ठाऊक नसल्याने बोलणे दर वेळी त्याच जागी येऊन थांबते.

मराठी पुस्तके मिळाली तर उत्तम, इंग्रजीही चालतील. वास्तुशास्त्राच्या नावाखाली दिशा आणि दोष सांगणारी पुस्तके नकोत, आणि लवकर श्रीमंत कसे व्हावे हे सांगणारीही नकोत. निर्णय घेण्याआधी काय पाहावे हे ज्यांतून कळेल, अशी पुस्तके हवी आहेत.

कडीपाट :
मी पंचवीस वर्षे इमारतींचे आराखडे काढले आणि काही वर्षे शिकवलेही, म्हणून पहिल्या भागाबद्दल सविस्तर लिहितो. सुरुवात माधव आचवल यांच्या ‘किमया’पासून करावी. आचवल स्वतः वास्तुकलेचे अध्यापक होते. उंबरा, भिंत, उजेड, पोकळी यांचा माणसाला येणारा अनुभव मराठीत इतक्या नेमकेपणाने मांडणारे दुसरे पुस्तक मला माहीत नाही. मुलीने अभ्यासक्रमातील इंग्रजी पुस्तके उघडण्याआधी ते वाचावे, म्हणजे पुढे जे वाचेल त्यासाठी तिच्याजवळ स्वतःच्या भाषेतले शब्द असतील.

त्यानंतर ख्रिस्तोफर अलेक्झांडर आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे ‘अ पॅटर्न लँग्वेज’ (१९७७). हा जाडजूड ग्रंथ सलग वाचायचा नसतो. त्यात प्रदेशापासून खिडकीजवळच्या बैठकीपर्यंत २५३ सूत्रे आहेत आणि प्रत्येक सूत्र घरातल्या घरात पडताळून पाहता येते. एक सूत्र म्हणते की, सहा फुटांपेक्षा कमी खोलीची गॅलरी लोक सहसा वापरत नाहीत. विकसकाने दिलेला नकाशा काढून त्यातील गॅलरीवर पट्टी ठेवा. ती साडेतीन-चार फूट भरली, तर तेथे कपडे वाळतील आणि कुंड्या राहतील, पण संध्याकाळी चौघांना बसता येणार नाही. दुसरे सूत्र असे की, खोलीला दोन बाजूंनी उजेड हवा. तुमच्या वाड्यातील चौकाला लागून असलेल्या सोप्यात दुपारी बारा वाजता उभे राहा आणि मग नकाशातील दिवाणखान्याला किती बाजूंनी खिडक्या आहेत ते मोजा. वाडा ठेवावाच असे मी यातून सुचवत नाही. मात्र जे सोडायचे ते काय आहे, हे मोजूनमापून माहीत असावे.

दुरुस्तीचा पर्याय अजून खुला असेल, तर स्टुअर्ट ब्रँड यांचे ‘हाउ बिल्डिंग्ज लर्न’ (१९९४) अवश्य वाचा. इमारतीचे थर वेगवेगळ्या गतीने जुने होतात, असे त्यात मांडले आहे. जागा तीच राहते, सांगाडा दीर्घकाळ टिकतो, बाहेरचे आवरण त्याआधी बदलावे लागते, नळ आणि वायरिंग त्याहून लवकर, आणि आतली मांडणी तर सतत बदलत असते. ‘वाडा मोडकळीस आला’ असे आपण म्हणतो तेव्हा यांपैकी नेमका कोणता थर गेला आहे, हा प्रश्न विचारलाच जात नाही. माझ्या स्वतःच्या घरी एका कंत्राटदाराने मातीच्या जोडणीच्या विटांच्या भिंतीला सिमेंटचा गिलावा केला होता. भिंतीतील ओल बाहेर पडायला वाट उरली नाही, दोन पावसाळ्यांत विटांना लोणा लागला आणि गिलावा पापुद्रे सुटून खाली आला. भिंत तोपर्यंत शंभर वर्षे ठीक होती. चुन्याचा गिलावा केला असता तर ती श्वास घेत राहिली असती. तुमच्याकडच्या तुळया आणि कडीपाट वाळवीने पोखरले आहेत की केवळ धुराने काळे पडले आहेत, हे जाणकार सुताराकडून टोच्याने तपासून घेतल्याशिवाय ‘धोकादायक’ हा शब्द स्वीकारू नका.

कमी खर्चात नवे बांधायचे झाल्यास गौतम भाटिया यांचे लॉरी बेकर यांच्यावरील पुस्तक (१९९१) आहे. बेकर यांचा जन्म १९१७ साली बर्मिंगहॅमला झाला आणि पुढे केरळ हीच त्यांची कर्मभूमी ठरली. विटा कडेवर उभ्या रचून मध्ये पोकळी सोडण्याची ‘रॅट ट्रॅप’ जोडणी त्यांनी आपल्याकडे रूढ केली. तिच्यामुळे सुमारे २५ टक्के विटा वाचतात आणि मधल्या हवेमुळे भिंत कमी तापते. त्यांच्या स्वतःच्या चित्रमय पुस्तिका तर गवंड्यालाही दाखवता येतील इतक्या सोप्या आहेत.

सेक्टर सतरा :
राजधान्यांविषयी थोडक्यात लिहिते. माझे माहेर नाशिकरोडचे, नोकरीनिमित्त आधी चंडीगड आणि नंतर गांधीनगर येथे राहिले. मुलीला रवी कालिया यांची तीन पुस्तके द्या : चंडीगड (१९८७), भुवनेश्वर (१९९४) आणि गांधीनगर (२००४). लेखक एकच असल्यामुळे तिन्ही शहरांची तुलना आपोआप होत जाते. फाळणीत लाहोर गेले म्हणून पंजाबला नवी राजधानी लागली. तिचा पहिला आराखडा आल्बर्ट मेयर आणि मॅथ्यू नोविकी यांचा होता, १९५० साली नोविकी विमान अपघातात गेले आणि त्यानंतर काम ल कॉर्ब्युझिए यांच्याकडे आले. हा क्रम पुष्कळ विद्यार्थ्यांना माहीतच नसतो. भुवनेश्वरचा आराखडा ओटो कोनिग्सबर्गर यांचा, १९४८ सालचा. गांधीनगरसाठी लुई कान यांचेही नाव पुढे आले होते, परंतु शेवटी ते काम चंडीगडला अनुभव घेतलेल्या एच. के. मेवाडा यांनी प्रकाश आपटे यांच्या साथीने केले.

चौथे पुस्तक जेम्स होल्स्टन यांचे ब्राझिलियावरील ‘द मॉडर्निस्ट सिटी’ (१९८९). १९६० साली उद्घाटन झालेल्या त्या शहरात दुकानांची तोंडे आतल्या बागेकडे असावीत अशी योजना होती. रस्त्यावरून खरेदी करण्याची सवय असलेल्या लोकांनी दुकानांच्या मागल्या बाजूलाच दर्शनी बाजू केले. ज्या मुलीने सराफ बाजार आणि भद्रकालीची वर्दळ लहानपणापासून पाहिली आहे, तिला ते प्रकरण समजावून सांगावे लागणार नाही, आणि निबंधाचा स्वतःचा मुद्दा तिला तेथेच सापडेल असे मला वाटते. नवी दिल्लीसाठी रॉबर्ट ग्रँट आयर्व्हिंग यांचे ‘इंडियन समर’ (१९८१) आहे. रायसीना टेकडीच्या चढावरून नवी दिल्लीचे दोन वास्तुरचनाकार लट्येन्स आणि हर्बर्ट बेकर यांच्यात झालेला वाद त्यात मुळापासून वाचायला मिळतो. रस्त्याचा चढ असा निघाला की, खालून येणाऱ्याला मधल्या टप्प्यात मुख्य प्रासाद जवळजवळ दिसेनासाच होतो.

लेणी क्रमांक दहा :
राजधानी म्हटल्यावर रायगड राहून गेला, म्हणून लिहितो. शां. वि. आवळसकर यांचे ‘रायगडची जीवनकथा’ आणि त्याच्या जोडीला रामचंद्रपंत अमात्यांच्या ‘आज्ञापत्रा’तील दुर्गांचे प्रकरण वाचावे. अमात्य सांगतात की, गडावर आधी पाणी पाहावे आणि मगच बांधकाम करावे. पाणी नसलेले ठिकाण घेणे भागच पडले, तर आधी खडक फोडून टाकी करावीत. जगदीश्वराच्या मंदिरातील शिलालेखातही राजवाडे आणि स्तंभ यांच्या आधी विहिरी आणि तलाव येतात. आपल्या चुलतबंधूंना प्लॉट दाखवायला नेतील, तेव्हा त्यांनी पहिला प्रश्न रस्त्याचा न विचारता पाण्याचा विचारावा. नदीनाल्याजवळची जागा असेल, तर ती निळ्या (नेहमीच्या पुराच्या) आणि लाल (मोठ्या पुराच्या) पूररेषेच्या कोणत्या बाजूला येते हेही पाहावे.

गुंतवणुकीचा सर्वांत जुना स्थानिक दाखला तर आपल्या पांडवलेण्यांत आहे. वा. वि. मिराशी यांच्या ‘सातवाहन आणि पश्चिमी क्षत्रप यांचा इतिहास आणि कोरीव लेख’ या ग्रंथात क्षत्रप राजा नहपान याचा जावई उषवदात याचे लेख अर्थासह वाचता येतात. लेण्यातील भिक्षूंसाठी त्याने ३००० कार्षापण (त्या काळची नाणी) गोवर्धन येथील विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे व्यवसाय-संघांकडे, कायमचे ठेवले : २००० दरमहा शेकडा एक व्याजाने आणि १००० शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दलाला हात लावायचा नाही, फक्त व्याज वापरायचे, अशी अट आहे. हे सर्व निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, वाचून दाखवले आणि दप्तरी नोंदवले, असेही लेखात म्हटले आहे. त्याच लेण्यात एका शेताच्या खरेदीची नोंद आहे. किंमत ४००० कार्षापण, विकणारा अश्विभूती नावाचा ब्राह्मण, शेत त्याच्या वडिलांच्या मालकीचे, आणि ठिकाण नगराच्या सीमेवर वायव्येला. विक्रेता, त्याचा हक्क कोठून आला, मोबदला आणि जागेची सीमा या चारही गोष्टी दगडात कोरलेल्या आहेत. मी मुलांना तेथे घेऊन जातो तेव्हा मूर्तींच्या आधी हा लेख दाखवतो.

मिळकत पत्रिका :
वरील शेताच्या नोंदीवरूनच पुढे लिहिते, कारण महसूल खात्यात माझी हयात त्या चार गोष्टी तपासण्यात गेली. आपल्या प्रश्नाला एकच एक पुस्तक पुरणार नाही. घरातील माणसांचे नाते हिश्श्यांपाशी कसे येऊन अडते, हे समजण्यासाठी महेश एलकुंचवार यांचे ‘वाडा चिरेबंदी’ हे नाटक नऊही भावंडांनी वाचावे, शक्य तर एकत्र बसून वाचावे. एरवी उघडपणे बोलता न येणाऱ्या गोष्टी त्या निमित्ताने निघतील.

कायद्याची पुस्तके मात्र मूळ अधिनियमाच्या मजकुरासह असलेलीच घ्या. गावठाणातील वाड्याला सातबारा नसतो, नगर भूमापनाची मिळकत पत्रिका असते. तिच्यावर आजोबांनंतरच्या सर्व वारसांची नावे लागली आहेत का, हे सर्वांत आधी पाहा. आत्याचा हिस्सा गृहीत धरू नका. त्यांनी हक्कसोडपत्र नोंदणी करून दिलेले नसेल, तर त्यांच्या सहीशिवाय पुढे जाता येणार नाही, आणि त्यांनी ते द्यावे असा आग्रह धरणेही योग्य नाही. वाड्यात जुने भाडेकरू असतील तर १९९९चा महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम वाचावा लागेल. स्थावर संपदा अधिनियम, २०१६ (रेरा) तर अवश्य वाचा. नोंदणीकृत करार केल्याशिवाय विकसकाला घराच्या किमतीच्या १० टक्क्यांहून अधिक रक्कम घेता येत नाही, ताबा दिल्यानंतर पाच वर्षांत बांधकामात दोष आढळला तर तो त्याने दुरुस्त करून द्यायचा असतो, आणि क्षेत्र चटईक्षेत्रावर, म्हणजे घराच्या आतल्या वापरायच्या जागेवर, सांगायचे असते. जमीनमालक बांधकामात वाटा घेत असेल, तर त्याच्यावरही प्रवर्तकाची, म्हणजे विकसकासारखीच, जबाबदारी येऊ शकते. ही गोष्ट वकिलाकडून लेखी समजून घ्या.

गुंतवणुकीसाठी मोनिका हलन यांचे ‘लेट्स टॉक मनी’ (२०१८) भारतीय वाचकासाठी लिहिलेले आणि सुबोध आहे. रॉबर्ट शिलर यांच्या ‘इर्रॅशनल एक्झ्युबरन्स’ची २००५ची किंवा त्यानंतरची आवृत्ती घ्या, कारण घरांच्या किमतींचे प्रकरण त्यापासून पुढे आहे. १८९० पासूनच्या अमेरिकेतील किमतींतून महागाई वजा केली की दीर्घ काळात फारशी वाढ उरत नाही, हे त्यात दिसते. आकडे तेथले असले तरी हिशेबाची रीत आपल्याला उपयोगी आहे. चुलतबंधू ‘दहा वर्षांत दुप्पट’ म्हणत असतील, तर ती वाढ चक्रवाढीने वर्षाला साधारण ७.२ टक्के होते, आणि त्यातून मुद्रांक शुल्क, कुंपण, कर आणि विकतानाचा खर्च अजून वजा व्हायचा आहे. ६० लाखांची सदनिका दरमहा १५,००० भाड्याने गेली, तर वर्षाचे १,८०,००० म्हणजे ३ टक्के, तेही देखभालीचा खर्च वजा करण्याआधी. जमिनीचे भाव रस्ते, चटई निर्देशांक (भूखंडावर किती बांधता येईल याचे प्रमाण) आणि कामाची ठिकाणे यांच्याशी कसे बांधलेले असतात, हे ॲलन बर्टो यांच्या ‘ऑर्डर विदाउट डिझाइन’ (२०१८) मध्ये आहे, आणि मुंबईचे उदाहरण त्यात आहे. ते मुलीलाही उपयोगी पडेल.

शेतजमीन असेल तर खरेदीदार शेतकरी असावा लागतो, आणि बिगरशेती वापराची कागदपत्रे व मंजूर रेखांकन हातात घेतल्याशिवाय इसार देऊ नये. ‘गुंठेवारी होऊन जाईल’, म्हणजे परवानगीविना पाडलेले तुकडे पुढे नियमित होतील, या शब्दावर पैसे गुंतवलेल्यांच्या फायली मी वर्षानुवर्षे पाहिल्या आहेत.

तिवंधा :
सर्वांचे मनापासून आभार. आज दुपारी मुलीने टेप घेऊन नकाशातील सदनिकेची गॅलरी वाड्याच्या ओट्यावर खडूने आखून दाखवली. ती तीन फूट नऊ इंच भरली, आणि आईने तिच्यात पाट मांडून पाहिला. ‘किमया’ आणि मिराशींचा ग्रंथ यांची चौकशी उद्या सावानात (सार्वजनिक वाचनालय, नाशिक) करणार आहे; इंग्रजी पुस्तके तिच्या महाविद्यालयाच्या ग्रंथालयातून येतील. एक शंका राहिली : मिळकत पत्रिकेवर आत्याचे नाव आहे, पण धाकट्या काकांच्या पश्चात त्यांच्या मुलींची नावे लागलेली नाहीत. विकसकाशी बोलणे चालू ठेवावे की आधी ती नोंद करून घ्यावी?

मिळकत पत्रिका :
आधी नोंद करून घ्या. वारसांच्या अर्जासोबत मृत्यू दाखला आणि सर्व वारसांची नावे असलेले प्रतिज्ञापत्र द्यावे लागेल. विकसकाला तेवढे दिवस थांबायला सांगा. आणि काकांच्या मुलींनाही त्या जेवणाच्या पानावर बोलवा.